घरच्या स्टुडिओतील क्रॅक सॉफ्टवेअर : वाचकांच्या प्रश्नांना उत्तरे

मागील अंकात घरच्या घरी ध्वनिमुद्रण करण्याविषयी लिहिल्यानंतर आलेल्या पत्रांपैकी बहुतेकांचा रोख एकाच गोष्टीकडे आहे. परवान्याचे कुलूप तोडून फिरवल्या जाणाऱ्या सॉफ्टवेअरच्या प्रती, म्हणजे आपण ज्यांना सरसकट ‘क्रॅक’ म्हणतो त्या, वापरण्यात प्रत्यक्ष धोका किती आणि तो नेमका कोणता, असे वाचकांनी निरनिराळ्या शब्दांत विचारले आहे. नावे छापू नयेत ही पत्रलेखकांची विनंती रास्त असल्यामुळे येथे केवळ राहण्याचे ठिकाण दिले आहे.

प्रश्न (लालबाग) : मी भजनी मंडळांची गाणी, गणेशोत्सवाच्या आधी मंडळांच्या आरत्या आणि अधूनमधून एकांकिकांचे पार्श्वसंगीत घरातल्या खोलीत ध्वनिमुद्रित करतो. दोन वर्षांपूर्वी वापरलेला लॅपटॉप घेतला, तेव्हा विक्रेत्याने “सगळं भरून देतो” असे सांगून रेकॉर्डिंगचे सॉफ्टवेअर आणि त्याला जोडून चालणारे, आवाज घडवणारे छोटे प्रोग्राम म्हणजे शंभरेक प्लगइन त्यात टाकून दिले. गेले काही महिने लॅपटॉपचा पंखा सतत फिरत असतो आणि गायक गात असताना मध्येच ‘चट्’ असा आवाज मुद्रित होतो. क्रॅकमध्ये व्हायरस असतो ही कंपन्यांनी घातलेली भीती आहे, असे मित्र म्हणतात. तुमचे मत काय?

उत्तर : चटचट आवाज आला म्हणजे संगणकात कोणीतरी शिरले आहे, असा निष्कर्ष लगेच काढू नका. तुम्ही ४८ किलोहर्ट्‌झवर (म्हणजे सेकंदाला आवाजाचे ४८ हजार नमुने घेत) काम करत असाल आणि बफर, म्हणजे एका खेपेत तयार होणारा आवाजाचा तुकडा, २५६ नमुन्यांचा ठेवला असेल, तर आवाजाची पुढची खेप तयार करायला प्रोसेसरला सुमारे ५.३ मिलिसेकंद मिळतात. तेवढ्या वेळात ती तयार झाली नाही की आवाजात खंड पडतो आणि तो आपल्याला ‘चट्’ असा ऐकू येतो. पंख्यात साचलेली धूळ, तापल्यामुळे मंदावलेला प्रोसेसर, मायक्रोफोन संगणकाला जोडणाऱ्या ऑडिओ इंटरफेसचा जुना ड्रायव्हर किंवा एकाच ट्रॅकवर लावलेले सात-आठ जड प्लगइन, यांपैकी कोणतेही कारण त्याला पुरेसे असते. म्हणून आधी लॅपटॉप उघडून साफ करून घ्या, मग सर्व सॉफ्टवेअर बंद करून तो पंधरा मिनिटे नुसता चालू ठेवा. काहीही चालू नसताना पंखा जोरात फिरू लागला, तर मात्र शंका घ्यायला जागा आहे.

ही शंका कल्पनेतून आलेली नाही. स्लोव्हाकियातील ‘ईसेट’ या संगणक सुरक्षा कंपनीने जून २०१९ मध्ये ‘लाउडमायनर’ नावाच्या घातक सॉफ्टवेअरचा तपशील प्रसिद्ध केला. ते ऑगस्ट २०१८ पासून पसरवले जात होते, आणि पसरवण्याचे साधन होते संगीताच्या सॉफ्टवेअरच्या क्रॅक प्रती. ज्या संकेतस्थळावरून त्या दिल्या जात होत्या, तेथे अशा १३७ प्रती आढळल्या. त्यांपैकी ४२ विंडोजसाठी आणि ९५ मॅकसाठी होत्या. अ‍ॅबलटन लाइव्ह, रीझन, सायलेन्थ, ऑटोट्यून अशी आपल्या ओळखीची नावे त्या यादीत होती. उतरवून घेतलेले सॉफ्टवेअर अपेक्षेप्रमाणे चालायचे, त्यामुळे वापरणाऱ्याला संशय येत नसे. मात्र त्याच्यासोबत संगणकाच्या आत लिनक्सवर चालणारा एक छोटा आभासी संगणक गुपचूप बसवला जायचा आणि तो दुसऱ्या कोणासाठी तरी ‘मोनेरो’ हे क्रिप्टो चलन मिळवण्याचे काम करत राहायचा. मॅकवरील प्रकाराची आणखी एक गोष्ट सांगायला हवी. कोणता प्रोग्राम किती ताकद खातो हे दाखवणारा ‘अ‍ॅक्टिव्हिटी मॉनिटर’ उघडला की हे काम आपोआप थांबत असे. त्यामुळे तेथे पाहून काही संशयास्पद दिसले नाही, तरी संगणक निर्धोक आहे असे खात्रीने म्हणता येत नाही.

संगीताचेच सॉफ्टवेअर का निवडले, याचे कारणही ईसेटने दिले आहे. ध्वनिमुद्रणाचा संगणक बहुधा ताकदवान असतो, आणि तो तापला किंवा मंदावला तर त्याचा मालक दोष आपल्या जड प्लगइनला देतो. तुम्ही गेले काही महिने नेमके तेच करत आला असाल.

मला याहून मोठे वाटणारे कारण आणखी खोलात आहे. प्लगइन ज्या फोल्डरमध्ये बसतात, ते विंडोजवर आणि मॅकवरही सहसा संपूर्ण संगणकाच्या मालकीचे फोल्डर असतात, म्हणून अधिकृत प्लगइन बसवतानाही अ‍ॅडमिनची परवानगी किंवा पासवर्ड द्यावा लागतो. वर्षानुवर्षे हे करत आल्यामुळे आपल्या हाताला पासवर्ड टाकण्याची सवय लागते आणि पासवर्डची चौकट आली की आपण ती वाचतही नाही. त्यातच क्रॅकसोबत येणारी सूचनांची फाइल सांगते की अँटिव्हायरस बंद करा, हे फोल्डर तपासणीतून वगळा, इंटरनेट तोडा, आणि आलेल्या इशाऱ्याकडे दुर्लक्ष करा, कारण तो खोटा आहे. परवान्याचा क्रमांक तयार करून देणारे ‘कीजेन’ इतर काही अपाय करत नसले तरी अँटिव्हायरस त्याला आक्षेपार्हच ठरवतो. त्यामुळे ‘लांडगा आला रे आला’ या गोष्टीतल्या गावकऱ्यांसारखी आपली गत होते आणि ज्या दिवशी खरोखर लांडगा येतो, त्या दिवशीही आपण इशारा बंद करून पुढे जातो. क्रॅकची फाइल अनेकदा पासवर्ड लावलेल्या झिपमध्ये असते, तीही याचसाठी की आतला मजकूर वाटेत कोणत्याही तपासणीला उघडता येऊ नये.

मित्रांचे म्हणणे एवढ्यापुरते खरे आहे की प्रत्येक क्रॅकमध्ये विष नसते. परंतु कशात आहे आणि कशात नाही हे तुम्हाला, मला किंवा तुमच्या विक्रेत्याला बाहेरून पाहून सांगता येत नाही. मूळ कुलूप तोडणारा वेगळा, ती प्रत पुन्हा बांधून दुसरीकडे ठेवणारा वेगळा, आणि तुमच्या लॅपटॉपमध्ये पेनड्राइव्हवरून भरणारा आणखी वेगळा. या साखळीत कोणी काय मिसळले, याचा हिशेब कोणाकडेही नसतो.

शिवाय क्रिप्टो मिळवणारे सॉफ्टवेअर हा त्यातल्या त्यात सौम्य प्रकार झाला, कारण तो वीज आणि वेळ खातो, पण तुमच्या फायलींना हात लावत नाही. जून २०२० च्या अखेरीस मॅकवर ‘थीफक्वेस्ट’ आढळले, तेव्हा ते ज्या क्रॅक प्रतींमध्ये होते त्यांत अ‍ॅबलटन लाइव्ह आणि डीजे मंडळी वापरतात ते ‘मिक्स्ड इन की’ होते. ते फायलींना कुलूप लावून ५० डॉलर मागत असे आणि त्याच वेळी फायली व टाइप केलेली अक्षरे बाहेर पाठवत असे. विंडोजवर ‘लुमा’ नावाच्या माहितीचोर सॉफ्टवेअरविरुद्ध मायक्रोसॉफ्टने मे २०२५ मध्ये कारवाई केली, तेव्हा त्याआधीच्या दोन महिन्यांत त्याची बाधा झालेले ३,९४,००० संगणक आढळले होते. क्रॅक सॉफ्टवेअर हा त्याच्या प्रसाराचा एक मार्ग होता. असा प्रोग्राम ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड तर नेतोच, पण तुम्ही आधीच लॉगिन केलेले आहात हे सांगणारी कुकीही नेतो. ती हाती लागली की ओटीपी न विचारताच तुमचे ईमेल किंवा यूट्यूब चॅनेल दुसऱ्याला उघडता येऊ शकते.

आता काय करावे ते सांगतो. संगणक ‘साफ’ करण्याच्या भरीस पडू नका; ज्याला एकदा अ‍ॅडमिनचा पासवर्ड मिळाला आहे, त्याने काय काय ठेवले हे शोधत बसण्यापेक्षा संपूर्ण डिस्क पुसून विंडोज नव्याने बसवणे हाच भरवशाचा मार्ग आहे. त्याआधी चालू असलेल्या प्रत्येक गाण्याचे सगळे ट्रॅक सुरुवातीपासून शेवटपर्यंत वेव्ह फायलींच्या रूपात काढून घ्या, एकदा इफेक्ट लावून आणि एकदा कोरे, कारण तेच प्लगइन पुन्हा मिळणार नाहीत. वेव्ह ही केवळ आवाजाची माहिती असते, ती बाहेरच्या ड्राइव्हवर निर्धास्तपणे नेता येते; इन्स्टॉलर, प्लगइन आणि कीजेन यांपैकी काहीही सोबत नेऊ नका. ईमेल, बँक आणि यूट्यूबचे पासवर्ड त्या लॅपटॉपवरून न बदलता फोनवरून बदला आणि ‘सर्व उपकरणांवरून लॉगआउट’ हा पर्याय निवडा, म्हणजे चोरीला गेलेली कुकी निकामी होईल. केंद्र सरकारच्या ‘सर्ट-इन’ या संस्थेचे सायबर स्वच्छता केंद्र तपासणीची साधने विनामूल्य देते. नवीन विंडोज बसवल्यानंतर बाहेरचा ड्राइव्ह जोडण्याआधी त्यांचा उपयोग करून घ्यावा.

प्रश्न (मुलुंड) : माझा मुलगा महाविद्यालयात शिकतो आणि एकांकिका स्पर्धांसाठी पार्श्वसंगीत करतो. त्याचे सर्व सॉफ्टवेअर क्रॅक आहे हे मला नुकतेच कळले. तो म्हणतो, मी पैसे घेत नाही, शिकतो आहे, म्हणून हा गुन्हा नाही. हे बरोबर आहे का?

उत्तर : मी वकील नाही, पण कायद्यातील शब्द पुरेसे स्पष्ट आहेत. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार संगणकाचा प्रोग्राम हे साहित्यकृतीसारखेच संरक्षित काम आहे. १९९४ च्या दुरुस्तीने आलेल्या कलम ६३-ब प्रमाणे, प्रत अवैध आहे हे माहीत असूनही ती संगणकावर वापरणाऱ्यास किमान सात दिवस ते तीन वर्षांपर्यंत कैद आणि ५० हजार ते २ लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. तुमचा मुलगा ज्या सवलतीकडे बोट दाखवतो, ती त्याच कलमात आहे: वापर नफ्यासाठी किंवा व्यवसायासाठी नसेल, तर न्यायालय कारणे नोंदवून कैद न देता ५० हजारांपर्यंत केवळ दंड करू शकते. म्हणजे पैसे न घेतल्याने शिक्षा हलकी होऊ शकते, गुन्हा मात्र राहतो. उद्या त्याने एका नाटकाच्या जाहिरातीसाठी दोन हजार रुपये घेतले, तर या सवलतीवरही त्याला भरवसा ठेवता येणार नाही.

कुलूप तोडणे हा वेगळा विषय आहे. हक्कभंगाच्या हेतूने तांत्रिक संरक्षण मोडल्यास दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड, अशी तरतूद २०१२ च्या दुरुस्तीने कलम ६५-अ मध्ये झाली. प्रती करून इतरांना देणारा मुख्यतः कलम ६३ खाली येतो, आणि तो गुन्हा दखलपात्र व अजामीनपात्र असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने मे २०२२ मध्ये स्पष्ट केले आहे. मुलाने आपला ‘भरलेला’ पेनड्राइव्ह नाट्यमंडळातल्या मित्रांना दिला असेल, तर ही बाब त्याने गांभीर्याने घ्यावी. विकत घेतलेल्या सॉफ्टवेअरची, ते हरवले वा बिघडले तर हाताशी असावी म्हणून काढलेली प्रत मात्र कलम ५२ नुसार वैध आहे.

खोलीत बसून शिकणाऱ्या विद्यार्थ्याच्या दारात पोलीस येतील, अशी भीती मी तुम्हाला घालणार नाही. त्याच्याशी बोलताना शिक्षेपासून सुरुवात करू नये, असेच मला वाटते. त्याच्या संगणकात त्याच्या मित्रांचे आवाज आहेत, तालमींची ध्वनिमुद्रणे आहेत, कदाचित घरातील आधार आणि पॅनच्या प्रतीही आहेत. त्या संगणकाचा अ‍ॅडमिन पासवर्ड त्याने कोणाला दिला आहे, एवढेच त्याला विचारा. संगीत करणारी मुले कानाने आणि डोक्याने तीक्ष्ण असतात, त्यांना हा प्रश्न समजतो. खाली चेंबूरच्या वाचकाला दिलेले उत्तर त्याला आवर्जून दाखवावे.

प्रश्न (अंधेरी) : आमचा डबिंगचा छोटा स्टुडिओ आहे. तीनपैकी दोन खोल्यांतील सॉफ्टवेअर परवान्याचे आहे, तिसऱ्या खोलीत संपादनापुरते क्रॅक चालते. एका नव्या ग्राहकाने करारासोबत परवान्यांची यादी मागितली आहे. तिसरी खोली यादीतून वगळली तर चालेल का?

उत्तर : वगळू नका. तिसऱ्या खोलीतील संगणक त्याच राउटरवर आहे आणि त्याच सामाईक ड्राइव्हवरून फायली उचलतो, त्यामुळे तेथे शिरलेला माणूस इतर दोन्ही खोल्यांतील कामापर्यंत पोहोचू शकतो. तुमच्याकडे आलेले संवाद अजून प्रदर्शित न झालेल्या कलाकृतीचे असतात आणि ते बाहेर पडले, तर नुकसान तुमच्या स्टुडिओपुरते राहत नाही. हॉलिवूडच्या निर्मात्यांच्या मोशन पिक्चर असोसिएशनचा ‘ट्रस्टेड पार्टनर नेटवर्क’ हा कार्यक्रम याचसाठी आहे. त्यासारख्या तपासण्यांमध्ये कोणत्या संगणकावर काय बसवले आहे आणि अ‍ॅडमिनचे अधिकार कोणाकडे आहेत, हे विचारले जाते. खोटी यादी देऊन पुढे ती उघड झाली, तर कॉपीराइटच्या प्रश्नाला करारभंगाचीही जोड मिळेल.

एक अनुभव सांगतो. मी उमेदवारी करत असताना एका स्टुडिओत एका बोलपटाचे संपूर्ण मिश्रण क्रॅक प्लगइनवर झाले होते. तीन वर्षांनी निर्माते परत आले. एका पात्राच्या तोंडचे एकच आडनाव बदलायचे होते. मधल्या काळात संगणक बदलला होता, नव्या प्रणालीवर ते जुने क्रॅक चालत नव्हते, आणि सत्र, म्हणजे त्या मिश्रणाची जुनी फाइल, उघडले तेव्हा अकरा प्लगइनच्या जागी रिकाम्या चौकटी होत्या. परवाना असता तर कंपनीकडून नवी आवृत्ती मिळाली असती, निदान विचारायला कोणीतरी असते. अखेर तो संपूर्ण प्रसंग पुन्हा मिसळावा लागला, तरी आधीच्या प्रसंगातून त्यात शिरताना आवाजाचा पोत बदललेला कळत होता. त्या स्टुडिओकडे ते निर्माते पुन्हा आले नाहीत, आणि ज्या ध्वनिमुद्रकाने मूळ काम जीव ओतून केले होते, त्याला याचे फार वाईट वाटले.

तिसऱ्या खोलीत केवळ संपादन होत असेल, तर तेथे महागडे सॉफ्टवेअर हवेच असे नाही. ते काढून टाका, स्वस्त पण वैध पर्याय बसवा आणि मग तिन्ही खोल्यांची खरी यादी द्या.

प्रश्न (भांडुप) : टेलिग्रामवर एक जण काहीशे रुपयांत नामांकित प्लगइनचे ‘लाइफटाइम अ‍ॅक्टिव्हेशन’ देतो. पैसे घेतो, पावतीही पाठवतो. हे वैध समजावे का?

उत्तर : नाही. पावती म्हणजे परवाना नव्हे. परवाना खरा असेल, तर तो सॉफ्टवेअर बनवणाऱ्या कंपनीच्या संकेतस्थळावर तुमच्या स्वतःच्या खात्यात दिसतो. विक्रेता “मीच बसवून देतो” म्हणून तुमच्या संगणकाचा दुरून ताबा मागत असेल, तर तेथेच बोलणे थांबवा. वापरलेला परवाना स्वस्तात घ्यायचा असेल, तर अनेक कंपन्या तो रीतसर हस्तांतरित करू देतात. ते हस्तांतर कंपनीच्या खात्यातून व्हावे, एवढी अट पाळा.

प्रश्न (चेंबूर) : मी नोकरी सांभाळून कथावाचनाची ध्वनिमुद्रणे करते. लाखभर रुपये खर्च करणे मला कधीच जमणार नाही. माझ्यासारखीने काय वापरावे?

उत्तर : तुमच्या कामाला लाखभर रुपये लागत नाहीत, हे मला सर्वांत आधी सांगू द्या, कारण या एका गैरसमजापायी कितीतरी गुणी माणसे क्रॅककडे वळलेली मी पाहिली आहेत. केवळ वाचन मुद्रित करून त्यातील चुका कापायच्या असतील, तर ‘ऑडॅसिटी’ पुरेसे आहे. ते २००० सालापासून विनामूल्य आणि खुल्या स्रोताचे आहे. मॅक असेल तर त्यावर ‘गॅरेजबँड’ फुकट मिळते. अनेक ट्रॅकवर काम करायचे असेल, तर ‘रीपर’ पाहा. ते साठ दिवस कोणतीही कपात न करता वापरून पाहता येते, आणि वैयक्तिक वापरासाठी किंवा वर्षाला २० हजार डॉलरपेक्षा कमी उत्पन्न असलेल्या व्यवसायासाठी त्याचा परवाना ६० डॉलरना, म्हणजे पाच-साडेपाच हजार रुपयांना मिळतो. मराठी कथावाचनाची किंवा पॉडकास्टची कोणतीही गरज त्यात भागते, आणि दरमहा पाचशे रुपये बाजूला टाकले तर वर्षभरात तो परवाना तुमचा होतो.

प्लगइनच्या बाबतीत तर विनामूल्य मिळणाऱ्या गोष्टी आज उत्तम आहेत. आवाज सपाट वा कर्कश वाटत असेल तेथे दुरुस्तीसाठी ‘टीडीआर नोव्हा’, आवाजाची सरासरी पातळी मोजण्यासाठी ‘यूलीन’च्या मीटरची मोफत आवृत्ती, आणि संगीत करायचे असेल तर ‘सर्ज’ हा सिंथेसायझर, हे सगळे बनवणाऱ्यांच्या स्वतःच्या संकेतस्थळावरून घ्यावे. नाव शोधताना सर्वांत वर येणारी जाहिरातीची लिंक टाळावी, कारण मोफत सॉफ्टवेअरच्याही बनावट प्रती फिरवल्या जातात. विद्यार्थ्यांना बऱ्याच मोठ्या कंपन्या सवलतीचे परवाने देतात. मुलुंडच्या वाचकांनी याची नोंद घ्यावी. आणि पाच हजार रुपये हाताशी असतील, तर ते प्लगइनवर न घालवता खोलीत जाड गोधड्या, पडदे आणि मायक्रोफोनचा चांगला स्टँड यांवर घालवा. लोकल किंवा शेजारच्या इमारतीचे बांधकाम मायक्रोफोनमध्ये एकदा शिरले, की कोणतेही सॉफ्टवेअर ते पूर्णपणे काढू शकत नाही.

प्रश्न (गिरगाव) : माझ्या आत्याने म्हटलेल्या जात्यावरच्या ओव्या मी तिच्या हयातीत हातातल्या रेकॉर्डरवर मुद्रित करून संगणकात ठेवल्या होत्या. गेल्या महिन्यात पुतण्याने एक क्रॅक प्लगइन बसवल्यावर सर्व फायलींच्या नावांपुढे चार विचित्र अक्षरे लागली आणि प्रत्येक फोल्डरमध्ये एक चिठ्ठी आली: ९८० डॉलर द्या, ७२ तासांत दिल्यास ४९०. फायली उघडत नाहीत. दुसरी प्रत नाही. आत्या आता नाही. काही करता येईल का?

उत्तर : करता येण्याची शक्यता चांगली आहे, म्हणून कृपया पैसे देऊ नका आणि काहीही पुसू नका. रकमेचे ते दोन आकडे आणि फायलींना लागलेली अक्षरे पाहता हा ‘स्टॉप’ किंवा ‘डेजाव्हू’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या खंडणीखोर सॉफ्टवेअरचा प्रकार दिसतो, आणि क्रॅक हाच त्याच्या प्रसाराचा मुख्य मार्ग राहिला आहे. संगणक इंटरनेटपासून तोडा, त्याला फायली असलेला इतर कोणताही ड्राइव्ह जोडू नका, आणि १९३० या क्रमांकावर किंवा राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर तक्रार नोंदवा. पुतण्याला फार बोलू नका. कोणत्या पानावरून काय उतरवले, हे त्यानेच नीट आठवून सांगायला हवे. रेकॉर्डरचे मेमरी कार्डही शोधा. त्यावर नंतर काही मुद्रित केले नसेल, तर पुसलेल्या फायलीही पुष्कळदा परत मिळतात.

फायलींची किल्ली शोधण्यासाठी ‘एम्सिसॉफ्ट’ या कंपनीचे एक साधन विनामूल्य मिळते. ऑगस्ट २०१९ पूर्वीच्या बहुतेक प्रकारांवर ते चालते, नंतरच्या प्रकारांवर काही ठरावीक परिस्थितीतच. ते आधी करून पाहा. पण तुमची खरी आशा दुसऱ्या गोष्टीत आहे. हे सॉफ्टवेअर घाईने काम करते, त्यामुळे ते मोठी फाइल संपूर्ण न बिघडवता केवळ तिच्या सुरुवातीचे १,५३,६०० बाइट म्हणजे दीडशे किलोबाइट बदलते. रेकॉर्डर २४ बिट, ४८ किलोहर्ट्‌झ आणि स्टिरिओवर होता असे धरले, तर एका सेकंदाच्या आवाजाला २,८८,००० बाइट लागतात, म्हणजे तुमचा गेलेला आवाज जेमतेम अर्ध्या सेकंदाचा आहे. फाइल उघडत नाही, कारण ती कोणत्या प्रकारची आहे हे सांगणारी वेव्हची ओळख अगदी सुरुवातीच्या काही बाइटांत असते आणि तीच नष्ट झाली आहे. ओव्या तिच्या मागे जशाच्या तशा आहेत.

बाधा झालेल्या फायलींची प्रत एका रिकाम्या ड्राइव्हवर काढा आणि ती दुसऱ्या, निर्धोक संगणकावर न्या. मूळ फायलींना हात लावू नका. तेथे ऑडॅसिटीमध्ये आयात करण्याच्या यादीतून ‘रॉ डेटा’ हा पर्याय निवडा. २४ बिट साइन्ड पीसीएम, लिटल-एंडियन, दोन चॅनेल आणि ४८००० ही माहिती हाताने भरा, आणि सुरुवातीच्या स्थानाच्या चौकटीत १५३६०० लिहा. पहिल्या प्रयत्नात नुसता खरखराट आला, तर निराश होऊ नका. स्टिरिओच्या प्रत्येक नमुन्याला सहा बाइट लागतात, आणि आपण चुकून त्यांच्या मधूनच सुरुवात केलेली असते. तो आकडा एकेका बाइटने वाढवत १५३६०५ पर्यंत न्या. या सहांपैकी दोन ठिकाणी खरखर जाऊन आवाज उमटेल. रेकॉर्डर १६ बिटांवर असल्याचे आठवत असेल, तर पर्याय तसा बदला आणि चार आकडे करून पाहा. डावी-उजवी बाजू उलट वाटली, तर ती नंतर बदलता येते. शेवटी सॉफ्टवेअरने जोडलेल्या काही बाइटांमुळे फाइल संपताना बारीकसा ‘चट्’ येईल, तो कापून टाका. मिळालेली प्रत्येक ओवी लगेच नव्या वेव्ह फाइलमध्ये जपून ठेवा आणि तिच्या दोन प्रती काढून त्यांपैकी एक नातेवाइकांच्या घरी ठेवा. एका तासाच्या अशा ध्वनिमुद्रणाला साधारण एक जीबीच जागा लागते.

कोणत्याही पायरीवर अडलात, तर पत्राची वाट न पाहता या अंकात दिलेल्या संपादकीय दूरध्वनीवर निरोप ठेवा. तुमची फाइल मी स्वतः बसून पाहीन.